घाईत असलेली फ्रान्स्वाज

विमान लिस्बनला उतरायच्या बेतात आहे. पुढच्या बाजूला एक पडदा ओढलेला आणि त्याच्या खालच्या कडेतून हवाई सुंदरीचे फक्त पाय दिसताहेत. कामाचे सपाट बूट ती काढते आणि उंच टाचांचे चढवते. एवढंच. पियेर लाशने नावाचे एक पोक्त गृहस्थ, घरी बायको आणि लहान मुलगी, कादंबरीकार बाल्झाकवर व्याख्यानं देत हिंडणारे, आपल्या जागेवर बसून ते बघतात. त्यांच्या संसाराची वाट तिथेच लागते, बाकीचा सिनेमा ती कशी लागली याचा हिशोब आहे.

फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोचा 'द सॉफ्ट स्किन', साल 1964. पडद्यामागचे पाय फ्रान्स्वाज दोर्लेआकचे. सिनेमाचं चित्रीकरण झालं तेव्हा ती 21 वर्षांची होती.

एखाद्या नटीची ओळख तिच्या पायांपासून करून द्यायची हे तसं बरं नव्हे. त्रुफोला बायकांच्या पायांचं जरा जास्तच कौतुक होतं, हे त्याचे दोन-चार सिनेमे पाहिलेल्या कुणालाही कळतं. पण दोर्लेआकच्या बाबतीत तो नेमक्या जागी बघत होता. ही बाई पायांनी अभिनय करायची. तिचं चालणं, वळणं, दारातून आत शिरणं, जिना उतरणं या सगळ्याला एक घाई आहे. गडबड नव्हे, घाई. गडबडीत माणूस अडखळतो, ही अडखळत नाही. तिला पुढे कुठेतरी जायचंय आणि हा प्रसंग मध्ये आलाय, असं काहीतरी तिच्या अंगात कायम असतं.

मला हे दिसतं त्याला माझा धंदा कारण आहे. मी पोटासाठी डबिंगचे संवाद लिहिते. परक्या भाषेतली कार्टून आणि मालिका मराठीत आणायच्या, तर वाक्य नुसतं अर्थाला बरोबर असून भागत नाही, ते समोरच्याच्या ओठांवर बसावं लागतं. प, ब, म आले की ओठ मिटलेच पाहिजेत. पडद्यावरचं तोंड उघडं आणि कानावर 'पण' आलं की बघणाऱ्याला कळत नाही काय चुकलं, पण काहीतरी चुकलंय हे कळतं. या कामाने एक वाईट खोड लागते. सिनेमा बघताना गोष्ट सुटते आणि कोण कुठे श्वास घेतंय याकडेच लक्ष जातं.

तिच्याच 'दॅट मॅन फ्रॉम रिओ' या सिनेमातला एक प्रसंग मी गंमत म्हणून मराठीत बसवायला घेतला होता. त्यातला नायक जाँ-पॉल बेलमाँदो, त्याच्या तोंडी मराठी झकास बसली. तो वाक्य टाकतो, थांबतो, दात दाखवतो, पुढचं वाक्य टाकतो. दोर्लेआकच्या तोंडी काही केल्या बसेना. बाकीचे लोक वाक्य संपलं की श्वास घेतात. ही वाक्याच्या मधोमध घेते, आणि एक वाक्य संपतं तिथे दुसऱ्याचा पहिला शब्द आधीच बाहेर पडलेला असतो. आमच्याकडे अशा नटाला लिहिणारे शिव्या घालतात. त्या शिव्यांत बराच आदर असतो.

आणि गंमत अशी की ही मुलगी जन्मली तीच डबिंगवाल्यांच्या घरात.

वडील मोरिस दोर्लेआक रंगभूमीवरचे नट. पुढे पॅरामाउंटच्या चित्रपटांच्या फ्रेंच डबिंगचं काम त्यांच्याकडे आलं. आई रने सिमोनो, तीही नटी. हॉलिवूडच्या बोलपटांना फ्रेंच आवाज देणाऱ्या अगदी सुरुवातीच्या बायकांपैकी ती एक. ऑलिव्हिया द हॅव्हिलंड फ्रेंचमध्ये बोलायची ती हिच्या आवाजात, ज्युडी गार्लंडलाही हिने आवाज दिला. घरात चार मुली. थोरली दानियल आईच्या आधीच्या नात्यातली, मग 21 मार्च 1942 ला पॅरिसमध्ये जन्मलेली फ्रान्स्वाज, तिच्यामागून एकोणीस महिन्यांनी कॅथरीन आणि शेंडेफळ सिल्व्ही. यातल्या कॅथरीनने पुढे आईचं माहेरचं आडनाव घेतलं, दनव. जग तिला ओळखतं. आपल्याकडे तिच्या नावाचा उच्चार डेनेव्ह, देन्यूव, वाटेल तसा होतो, पण ओळखतात सगळे.

फ्रेंच डबिंगमध्ये एक फार जुनी आणि फार शहाणी पद्धत आहे. चित्राखालून एक पट्टी सरकत जाते आणि तिच्यावर संवाद लिहिलेले असतात, पूर्वी ते हाताने लिहीत. अक्षरं लांब लिहिली असतील तर शब्द ओढायचा, चिकटून लिहिली असतील तर उरकायचा. हसणं, उसासा, ओठ मिटणं, सगळ्याला खुणा. अक्षरं पडद्यावरच्या उभ्या रेघेपाशी पोचली की बोलायचं. आम्ही इकडे कानात मूळ आवाज घेऊन अंदाजपंचे भिडतो, त्यामुळे या पट्टीचा मला मनापासून हेवा वाटतो. ज्या घरात आईबाप दोघेही परक्या तोंडावर शब्द बसवून पोट भरत होते, तिथल्या एका मुलीचं बोलणं कुठल्याच पट्टीत मावू नये, याला काय म्हणायचं?

सुरुवातीची वर्षं भराभर सांगून टाकते, कारण त्यात तिचं काम फारसं नाही. पॅरिसच्या नाट्य-विद्यालयात शिक्षण, दिओरसाठी थोडंफार मॉडेलिंग, रंगमंचावर कोलेतची 'जिजी'. 1960 पासून सिनेमे. बरेचसे असे, की पोस्टरवर सुंदर मुलगी हवी म्हणून ती आहे. रने क्लेअरसारख्या बड्या दिग्दर्शकाकडेही एक झाला. यातला एकच प्रसंग लांबणारा आहे. 1960 सालच्या एका कौटुंबिक विनोदी चित्रपटात तिच्या धाकट्या बहिणीची भूमिका करायला मुलगी हवी होती. फ्रान्स्वाजने घरच्याच बहिणीचं नाव सुचवलं. कॅथरीन शाळकरी वयाची, नटी व्हायचं तिच्या डोक्यातही नव्हतं. थोरलीने ओढून नेली म्हणून ती कॅमेऱ्यासमोर उभी राहिली, आणि ही गोष्ट दनवने पुढे स्वतःच वेळोवेळी सांगितली आहे.

मग 1964 येतं.

फेब्रुवारीत, एकाच महिन्यात, दोन बहिणींचे दोन सिनेमे पॅरिसमध्ये लागले. कॅथरीनचा 'द अंब्रेलाज ऑफ शेरबूर', जाक दमीचा, ज्यात माणसं 'पेट्रोल भरू का' हेसुद्धा गाऊन विचारतात. आणि फ्रान्स्वाजचा 'दॅट मॅन फ्रॉम रिओ', फिलिप द ब्रोकाचा. मे महिन्यात कान महोत्सवात शेरबूर आणि 'द सॉफ्ट स्किन' एकाच स्पर्धेत उतरले. धाकटीच्या सिनेमाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला, त्या वर्षी त्याला 'ग्राँ प्री' म्हणत. थोरलीच्या सिनेमाचं तिथे थंडं स्वागत झालं, नाकंच मुरडली गेली. घरी त्या आठवड्यात जेवणाच्या टेबलावर काय वातावरण असेल याची मी फार वेळा कल्पना केली आहे. लोक यातून बहिणींची स्पर्धा वगैरे काढतात. मला त्यात रस नाही. दोघी एकोणीस महिन्यांच्या अंतराच्या, एका खोलीत वाढलेल्या. अशा बहिणींमध्ये काय असतं आणि काय नसतं हे ज्यांना बहीण आहे त्यांना सांगायला नको, आणि ज्यांना नाही त्यांना सांगून कळणार नाही.

'रिओ' फ्रान्समध्ये तुफान चालला, 48 लाखांच्या आसपास तिकिटं गेली. त्याच्या पटकथेला ऑस्करचं नामांकनही मिळालं. गोष्ट पोरखेळ आहे: फौजेतून आठ दिवसांच्या सुट्टीवर आलेला एक शिपाई, डोळ्यांदेखत पळवून नेलेली त्याची प्रेयसी, ॲमेझॉनच्या तीन पुतळ्या आणि त्यामागे लागलेले लोक. हा आपला शिपाई तिकीट नसताना विमानात चढून थेट ब्राझीलला पोचतो. टिनटिनच्या चित्रकथांचा वास सिनेमाभर आहे आणि पुढे स्पीलबर्गच्या इंडियाना जोन्सला याचा वास आहे. ब्राझिलिया शहर नुकतंच उभं राहत होतं, 1960 साली उद्घाटन झालेलं. लाल मातीत वास्तुकार निमायरच्या पांढऱ्या इमारती, रस्ते आहेत पण माणसं नाहीत, आणि त्यात बेलमाँदो पळतोय. केवळ ते शहर त्या अवस्थेत बघायला मिळतं म्हणूनही सिनेमा बघावा.

कागदावर तिची भूमिका अगदी सामान्य आहे. पळवली जाते, सोडवली जाते, परत पळवली जाते. दुसरी कुणीही असती तर किंचाळली असती आणि कॅमेऱ्याकडे भेदरून बघितलं असतं. दोर्लेआकने या मुलीला वैताग दिला. आपल्याला सोडवायला एक माणूस अर्धं जग ओलांडून आलाय याचं तिला कौतुक नाही, 'एवढा वेळ कुठे होतास' हा तिचा सूर. दोघं जिवावर बेतलेल्या पळापळीतही भांडतात, आणि ते भांडण इतकं घरगुती आहे की त्यांच्यात प्रेम आहे हे वेगळं सांगावंच लागत नाही. मध्येच, जीव वाचवायचा सोडून, ती झोपडवस्तीत पोरासोरांबरोबर सांबा नाचते. त्या नाचात कसलीही सफाई नाही. पण ती अंग राखून नाचत नाही, आणि त्या काळच्या सुंदर नट्यांमध्ये ही गोष्ट दुर्मिळ होती. सुंदर दिसत राहायची जबाबदारी त्या क्षणी तिने कुणाच्या तरी हातात देऊन टाकलेली असते.

आता त्याच बाईला त्रुफोने काय केलं ते बघा.

'द सॉफ्ट स्किन'मधली निकोल शांत आहे. कमी बोलते, बोलते तेव्हा हळू. रिओमधली मुलगी हीच, असं सांगितलं तर पटणार नाही. राऊल कुतारचा कृष्णधवल कॅमेरा, जॉर्ज दलरूचं काळजाला हात घालणारं पण तोंड मिटून असलेलं संगीत, आणि सगळा सिनेमा हातांचा, किल्ल्यांचा, विजेच्या बटणांचा. लाशनेचं घर म्हणून जे दिसतं ते त्रुफोचं स्वतःचं राहतं घर होतं. त्याचाच संसार तेव्हा मोडत होता, हे कळल्यावर त्या घरातले प्रसंग बघणं अवघड जातं.

त्यातला एक प्रसंग मी कितीदाही बघू शकते. लाशने व्याख्यानाच्या निमित्ताने रँसला निघालाय, निकोलला गाडीतून सोबत घेतलंय. तिने जीन्स घातली आहे. तो म्हणतो की त्याला बायका स्कर्टमध्ये आवडतात. वाद नाही, चिडणं नाही. पुढे पेट्रोल पंपावर गाडी थांबते, ती आत जाते आणि स्कर्ट घालून बाहेर येते. संपलं. त्रुफो यावर काहीही म्हणत नाही आणि दोर्लेआकही काही म्हणत नाही, पण गाडीकडे चालत येताना तिचे पाय जे म्हणतात ते ऐकण्यासारखं आहे. ती हरलेली नाही आणि खूषही नाही. तिने एक मागणी पुरी केली आणि मनाच्या वहीत ती मांडून ठेवली. थोड्याच वेळात रँसमध्ये हा गृहस्थ तिला प्रतिष्ठित मंडळींपासून लपवत फिरतो, कार्यक्रमाचं साधं तिकीटही तिला मिळत नाही, रस्त्यावर कुणीतरी टवाळ तिच्या मागे लागतो, आणि हा काचेआड बसून यजमानाशी गप्पा मारतोय. आपण मध्यमवर्गीय सभ्य पुरुषाचा भ्याडपणा याहून नेमका क्वचित बघतो. मराठीत साहित्य संमेलनांना नियमित जाणाऱ्या मंडळींनी हा भाग जरूर बघावा. कारण विचारू नका.

ती निकोल शेवटी त्याला सोडते ते अर्ध्या बांधलेल्या नव्या घरात, जे त्याने त्या दोघांसाठी बघितलं आहे. तो खोल्या दाखवतो, ती 'नाही' म्हणते. इथे तिची घाई परत येते. एवढा वेळ दाबून धरलेली. तिला निघायचंय. पुढचं सगळं, बायको, बंदूक, रेस्तराँ, हे लाशनेचं नशीब आहे, निकोलचं नाही. त्रुफोने तिला त्या शेवटातून बाहेर काढून ठेवली हे मला फार आवडतं. तो तिला लाडाने 'फ्रांबवाझ' म्हणायचा आणि तिच्या पश्चात तिच्यावर त्याने लिहिलेला लेख हा त्याच्या उत्तम लेखांपैकी आहे.

1965 आणि 66 मध्ये ती इंग्रजी सिनेमांकडे वळली. 'चंगीज खान'मध्ये ओमर शरीफची बायको झाली, ते सोडून द्या, मंगोलियन राणीच्या वेशात पॅरिसची मुलगी दिसते. डेव्हिड निव्हनबरोबरचा हेरपटही सोडून द्या.

सोडता येत नाही तो पोलान्स्कीचा 'कल-डी-सॅक'. अल्पवयीन मुलीवरच्या अत्याचाराच्या खटल्यामुळे पोलान्स्कीचं नाव घेताना आता अडखळायला होतं, आणि व्हावंही. पण हा सिनेमा बनला 1965 साली, इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या होली आयलंड बेटावर, जिथला रस्ता भरतीला पाण्याखाली जातो. किल्ल्यात एक चमत्कारिक जोडपं राहतं, तिथे दोन जखमी गुंड येऊन पडतात. ती तेरेसा, डोनाल्ड प्लेझन्सची तरुण बायको. नवऱ्याला आपला झुळझुळीत गाऊन घालून वर मेकअप करणारी, झोपलेल्या गुंडाच्या पायाच्या बोटांत कागद खोचून पेटवणारी. एवढी वात्रट, एवढी आळशी, एवढी कंटाळलेली बाई मी सिनेमात क्वचित पाहिली आहे. इथे तिच्या घाईला जायला जागाच नाही, चहूकडे पाणी. कोंडलेल्या मांजरासारखी ती खोल्याखोल्यांतून फिरते आणि हाताला लागेल त्याला ओरखडते.

याच सिनेमात समुद्रकाठचा एक सलग सात-आठ मिनिटांचा तुकडा आहे. पुढे दोघे पुरुष दारू पीत बडबडताहेत आणि पार मागे ती विवस्त्र होऊन समुद्रात पोहायला जाते. उत्तर समुद्राचं पाणी. एकाच टेकमध्ये सगळं हवं, म्हणून पुन्हा पुन्हा. थंडीने तिची शुद्ध हरपली होती असं सांगतात. चित्रपट-अभ्यासक या तुकड्याची तांत्रिक वाखाणणी करतात आणि ती रास्तही आहे, पण मला तो आता निखळ कौतुकाने बघता येत नाही. पुरुषांना संवाद मिळाले, तिला गार पाणी. सिनेमाला बर्लिन महोत्सवात सुवर्ण अस्वल हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, 1966 साली. आदल्याच वर्षी पोलान्स्कीच्याच 'रिपल्शन'ला तिथे रौप्य मिळालं होतं, आणि त्यात होती कॅथरीन.

त्याच 1966 च्या उन्हाळ्यात दोघी बहिणी रोशफोरला गेल्या.

रोशफोर हे फ्रान्सच्या पश्चिम किनाऱ्याकडचं जुनं नौदलाचं गाव. काटकोनात आखलेले रस्ते, करडे दगड. जाक दमीने तिथे जाऊन अक्षरशः गाव रंगवून काढलं, भिंती पांढऱ्या आणि खिडक्यांची झडपं गुलाबी, निळी, पिवळी. 'द यंग गर्ल्स ऑफ रोशफोर' ही जुळ्या बहिणींची गोष्ट. देल्फिन नाच शिकवते, ती कॅथरीन. सोलांज संगीत शिकवते आणि संगीतरचना करते, ती फ्रान्स्वाज. दोघींना पॅरिसला जायचंय, दोघींना आदर्श पुरुष हवाय. अमेरिकेहून नर्तक-नट जीन केली आलेला, पन्नाशी ओलांडलेला आणि तरी हवेत. मिशेल लग्राँचं संगीत असं, की सिनेमा संपल्यावर दोन दिवस तुम्ही घरातल्यांना भाजी काय करायची हेही त्या चालीत विचाराल.

आणि आता डबिंगचा मुद्दा. या सिनेमात गाणाऱ्यांपैकी जवळजवळ कुणीच स्वतः गात नाही. आईची भूमिका करणाऱ्या दानियल दारियूने तेवढं स्वतःचं गाणं स्वतः म्हटलं. देल्फिनसाठी गायली आन जेर्मँ, सोलांजसाठी क्लोद पाराँ. आपल्याला यात काय विशेष? आपण लताबाई आणि आशाबाईंच्या गळ्यावर वाढलेली माणसं, पडद्यावरची बाई स्वतः गाते म्हटलं तर आपल्यालाच शंका येते. पण पाश्चात्त्य समीक्षेत हा अजूनही थोडा कबुलीजबाबाचा विषय असतो, 'खरं तर तिचा आवाज नव्हता'. आपल्या डोळ्याने बघितलं तर उलट दिसतं. उसन्या गळ्याला अंग देणं ही स्वतंत्र कला आहे, आणि ती दोन्ही बहिणींना येत होती, दोन निरनिराळ्या तऱ्हांनी. कॅथरीन गाण्याच्या आत उभी राहते, ओठ अचूक, चेहरा स्वच्छ. फ्रान्स्वाज गाण्याच्या किंचित पुढे असते. जुळ्यांचं ते प्रसिद्ध गाणं आवाज बंद करून बघा. ओळीचा पहिला शब्द येण्याआधी फ्रान्स्वाजचे खांदे तिथे पोचलेले असतात. आमच्या भाषेत सिंक बरोबर आहे, पण अंग आगाऊ आहे. रने सिमोनोच्या दोन मुली परक्या आवाजावर ओठ हलवताहेत. आईने आयुष्यभर परक्या ओठांना आवाज दिला, मुलींनी काम उलटं केलं.

सोलांजची जीन केलीशी भेट होते तीही घाईतच. धाकट्या भावाला शाळेतून आणताना रस्त्यात धडक, पिशवीतलं सगळं रस्त्यावर, दोघं उकिडवे बसून गोळा करतात, आणि ती निघून गेल्यावर त्याच्या हाती तिच्या रचनेचं एक पान राहतं. दमीच्या जगात माणसं एकमेकांना चुकतात, अर्ध्या मिनिटाने, एका गल्लीने. देल्फिन आणि तिचा चित्रकार सिनेमाभर चुकत राहतात. सोलांज मात्र थेट आदळते. भूमिका कुणाची कुठली हे दमीला बरोबर कळलं होतं.

सिनेमा मार्च 1967 मध्ये लागला. त्याच हिवाळ्यात तिने फिनलंडच्या बर्फात मायकेल केनबरोबर केन रसेलचा 'बिलियन डॉलर ब्रेन' केला.

26 जून 1967. दक्षिण फ्रान्समध्ये, सँ-त्रोपेजच्या बाजूला ती बहिणीबरोबर सुट्टी घालवत होती. भाड्याची रनो 10 घेऊन ती एकटीच नीस विमानतळाकडे निघाली, तिला लंडनला पोचायचं होतं. रस्ता ओला होता. विमान चुकेल म्हणून ती वेगात होती असं म्हणतात. विलनव-लुबेच्या फाट्याजवळ गाडीचा ताबा सुटला, गाडी खांबाला धडकून उलटली आणि पेटली. दार उघडायची तिची धडपड लोकांनी पाहिली, पण जवळ जाता आलं नाही. पोलिसांना ओळख पटली ती चेकबुकच्या तुकड्यावरून, डायरीवरून आणि वाहन परवान्यावरून. वय 25. पॅरिसच्या आग्नेयेला सेन-पोर नावाच्या गावी तिला पुरलं.

यानंतर जे सुरू होतं ते मला सोसत नाही. तिच्यावरचं अर्धं लिखाण शकुन शोधत बसतं. रिओमध्ये तिला विमानातून पळवून नेतात, सॉफ्ट स्किनमध्ये हवाई सुंदरी आहे, कल-डी-सॅकमध्ये गाडी पाण्यात अडकते, बघा, बघा. अहो, साठच्या दशकातल्या कुठल्याही फ्रेंच सिनेमात गाडी आणि विमान असणारच, ते दशकच त्यांचं होतं. बेलमाँदो त्याच सिनेमांत मोटारसायकलवर आणि दोऱ्यांवर लोंबकळत होता आणि 88 वर्षांचा होऊन गेला, त्याच्या उड्यांत कुणी शकुन शोधत नाही. मीही वर तिच्या घाईबद्दल इतकं लिहिलं, पण माझी ती घाई आणि महामार्गावरची घाई एक नव्हेत. एक तिने कमावलेली होती, टेकमागून टेक देऊन. दुसरी त्या दिवशी विमान गाठायच्या कुणालाही असते.

दुसरा खेळ 'ती असती तर' हा. ती असती तर त्रुफोचे पुढचे सिनेमे तिला मिळाले असते, ती असती तर हॉलिवूड. मिळाले असते किंवा नसतेही. 1964 ते 67 या काळात अनेक सुंदर मुलींनी उत्तम सुरुवात केली आणि तिशीला त्यांना फोन यायचे बंद झाले, तो धंदा असाच आहे. त्रुफोने पुढे दोन सिनेमे केले ते कॅथरीनबरोबर.

कॅथरीनने बहिणीबद्दल वर्षानुवर्षं जाहीर बोलणं टाळलं. 1996 साली कादंबरीकार पात्रिक मोदियानोच्या साथीने तिने फ्रान्स्वाजवर एक पुस्तक केलं, त्याच सुमारास टीव्हीसाठी माहितीपटही झाला, आणि तेव्हा ती बोलली. त्याआधी रोशफोरने आपल्या स्टेशनासमोरच्या चौकाला फ्रान्स्वाजचं नाव दिलं होतं, सिनेमाला पंचवीस वर्षं झाल्याच्या निमित्ताने. त्या समारंभाला दनव गेली होती. दमीच्या पत्नीने, आन्येस वार्दाने, त्याचा जो माहितीपट केला त्यात ती दिसते: पन्नाशीकडे झुकलेली, गर्दीत, नीटनेटकी. सोबत उभी राहायची ती जुळी नाही.

आणि आई. रने सिमोनो 2021 च्या जुलैमध्ये गेली, 109 वर्षांची होऊन. मुलीनंतर चोपन्न वर्षं. तिने जिला आवाज दिला ती ऑलिव्हिया द हॅव्हिलंडही पॅरिसमध्येच राहायची आणि एकच वर्ष आधी 104 व्या वर्षी वारली. चेहरा आणि आवाज, दोघी शंभरी पार करून गेल्या. आमच्या धंद्यातल्या लोकांना हा योग फार आवडतो, मी स्टुडिओत जिला जिला सांगितला तिने तिने 'काय सांगतेस' म्हटलं आहे.

बघायचं असेल तर 'रिओ'पासून सुरुवात करा, कुणाच्याही सांगण्यावरून 'सॉफ्ट स्किन' आधी बघू नका. तिचा वेग माहीत असल्याशिवाय त्रुफोने किती धरून ठेवलंय ते कळणार नाही. मग रोशफोर, शक्यतो मोठ्या पडद्यावर, पुण्या-मुंबईतल्या फिल्म सोसायट्या अधूनमधून लावतात. सबटायटल वाचत बसू नका, लाल टिकल्यांच्या पोशाखातला जत्रेतला नाच आला की तर मुळीच नाही. 'कल-डी-सॅक' एकट्याने, पोटभर जेवण झाल्यावर. 'बिलियन डॉलर ब्रेन' मायकेल केनसाठी बघणार असाल तर बघा, तिला त्यात काम नाही. आणि मधल्या काळातला तो चंगीज खान कुणी यूट्यूबवर दाखवला, तर दुसरं काहीतरी लावा.